तरंगणारी देवळं खाली का पडत नाहीत? (निराळ नावाच्या जगासाठी मदत हवीये)

पोडियमकर

मंडळी, दोनेक वर्षं नुसता वाचतोय, आज पहिला धागा टाकतोय, सांभाळून घ्या.

आम्ही पाच मित्र दर शनिवारी रात्री जमून गोष्टीचा खेळ खेळतो. म्हणजे फासे, कागदावर नकाशा, प्रत्येकाचं एक पात्र आणि एकाने जग चालवायचं, तसला. दोघं वाशीहून येतात, दोघं कळव्याहून, बसायचं आमच्याकडे घोडबंदर रोडला. आजवर जे खेळलो ते सगळं किल्ले, बर्फ, ड्रॅगन आणि दारूचे गुत्ते. ठाण्यात पंखा पाचवर ठेवून बर्फात किती दिवस फिरणार. म्हणून जग चालवायची पाळी माझ्यावर आली तेव्हा ठरवलं की आपलं काहीतरी करायचं. नाव ठेवलंय निराळ. जुन्या मराठीत निराळ म्हणजे आकाश आणि निराळं म्हणजे वेगळं, दोन्हीकडून जमतंय.

तर निराळमध्ये डोंगर आहेत, खाडी आहे, भातशेती आहे आणि वर आकाशात काळ्या दगडाची एकवीस देवळं तरंगतायत. लोक त्यांना वरदेवळं म्हणतात. जमिनीपासून तीनशे मीटर वर. कोणी बांधली कोणाला ठाऊक नाही. मी ठरवलं होतं की देवळाच्या बुडाशी एक चुंबक, जमिनीत दुसरं चुंबक, झालं. तर कळव्याचा मित्र पहिल्याच दिवशी म्हणाला मग ते पालथं का होत नाही? मी म्हटलं चहा घेतोस का.

कल्पना कुठून आली तेही सांगतो. आमच्या सोसायटीत गणपतीचं देऊळ पोडियमवर आहे, खाली तीन मजले पार्किंग. गेल्या पावसाळ्यात आजी गावाहून आली, तिला दर्शनाला नेलं, ती हात जोडून झाल्यावर फरशीवर पाय आपटून बघायला लागली. म्हणे देवाखाली जमीन कुठाय रे? म्हटलं आजी खाली गाड्या आहेत. त्यावर ती काही बोलली नाही पण दुसऱ्या दिवशी लिफ्टने खाली जाऊन बेसमेंटमध्ये बरोबर देवळाखालचा खांब शोधून त्याला हळदकुंकू लावून आली. वॉचमनने मला फोन केला. तेव्हापासून डोक्यात आहे की देऊळ वर असेल तर खालच्याचं काय.

तर मदत हवीये. तरंगतात कशी हे पटेल असं काही सुचवा, तिथे राहणारे पुजारी खातात-पितात काय ते सुचवा, आणि मुख्य म्हणजे खेळायला गोष्ट काय, कारण आत्ता माझे मित्र वर बघतात, वा म्हणतात आणि पुढच्या गावाला जातात.

शंकासूर

पहिला नंबर माझा. तीनशे मीटर म्हणजे साधारण शंभर मजले. ओसी (इमारतीत राहायची परवानगी) मिळालीये का? फायर एनओसी? आधी कागदपत्रं दाखवा, मग चुंबकाचं बघू.

निवांत_नेरूळ

आजी भारी आहेत. पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

यंत्रतंत्र

चुंबक विसरा. १८४२ मध्ये अर्नशॉ नावाच्या माणसाने सिद्ध करून ठेवलंय की नुसती कायमची चुंबकं एकमेकांवर ठेवून वस्तू स्थिर तरंगत ठेवता येत नाही, ती कुठल्या ना कुठल्या बाजूला घसरणारच किंवा उलटणार. म्हणजे तुमच्या कळव्याच्या मित्राचा प्रश्न बरोबर होता. चुंबकावर ज्या गाड्या चालतात त्यात सतत मोजून करंट कमीजास्त करतात किंवा सुपरकंडक्टर वापरतात, देवळात ते कुठे.

फुग्याचं गणित करू. काळा दगड म्हणजे बेसाल्ट धरतो, घनमीटरला साधारण २९०० किलो. मध्यम देवळात हजार घनमीटर दगड धरला तर २९०० टन झाले. हेलियम घनमीटरमागे जेमतेम एक किलो उचलतो, म्हणजे २९ लाख घनमीटर हेलियम, म्हणजे १७७ मीटर व्यासाचा गोळा. देवळापेक्षा फुगा मोठा दिसणार आणि लोक फुग्याच्याच पाया पडणार. गरम हवेने करायला गेलात तर याच्या तिप्पट-चौपट.

गावठी_गुगल

तेलंगणात रामप्पा देऊळ आहे, शिखराच्या विटा पाण्यावर तरंगतात. २०२१ला युनेस्कोच्या यादीत पण आलं. त्या विटा वापरा की.

यंत्रतंत्र

@गावठी_गुगल, विटा खऱ्या आहेत, पण पाण्यावर तरंगतात म्हणजे घनमीटरला हजार किलोच्या आत आहेत एवढंच. हवा घनमीटरला सव्वा किलो. मध्ये शेकडो पटींचा खड्डा आहे.

जुनी_लेणी

चुंबकाची कल्पना धागाकर्त्याची नाही, फार जुनी आहे बरं का. तेराव्या शतकात झकरिया अल-कझविनीने सोमनाथबद्दल लिहून ठेवलंय की मूर्ती कशाचाही आधार नसताना मधोमध तरंगत होती, आणि वरच्या छताचे दगड काढल्यावर ती एका बाजूला कलली, आणखी काढल्यावर आणखी कलली, शेवटी खाली टेकली. गोष्टच आहे ती, पण लिहिणाऱ्याने कलण्याचा तपशील काय सुंदर घातलाय बघा. एकदम धाडकन पडली असं नाही लिहिलं.

आणि आपल्याकडे अधांतरी गावांना तोटा नाही. त्रिपुर घ्या, सोन्याचं, चांदीचं, लोखंडाचं अशी मयासुराने बांधलेली तीन फिरती पुरं, ती एका रेषेत येतील तेव्हाच एका बाणात पडणार. त्रिशंकू तर बिचारा उलटाच लटकलाय. शाल्वाचं सौभ नगर होतं, उडतं. पण एक गोष्ट लक्षात घ्या की या सगळ्यांत वर असणं ही अडचण आहे, शोभा नाही. पुरं वर असतात म्हणून कोणीतरी खालून नेम धरून बसलेला असतो.

माझा प्रश्न वेगळाच आहे. तुमच्या वरदेवळाचं तोंड कुठल्या दिशेला? जमिनीवरच्या देवळाला ही भानगड नाही, एकदा जगती (देवळाखालचा मोठा ओटा) घातली, वर अधिष्ठान (जोतं), मंडोवर (भिंती), शिखर असं चढत गेलं की दिशा कायमची ठरली. दार बहुतेक पूर्वेला, कधी पश्चिमेला, आणि अभिषेकाचं पाणी जाणारं गोमुख उत्तरेला. कोल्हापूरला अंबाबाईचा किरणोत्सव वर्षातून दोनदा होतो, मावळतीचं ऊन महाद्वारातून थेट मूर्तीपर्यंत जातं, ती सगळी दिशेची करामत. तुमचं देऊळ वाऱ्याने गरागरा फिरत असेल तर उत्तर कुठली, गोमुख कुठे आणि प्रदक्षिणा कशी घालायची? महादेवाचं असेल तर गोमुख ओलांडायचं नाही, अर्ध्यावरून मागे फिरायचं. पण जगतीच नाही तर भाविक चालणार कशावर, हवेवर?

पोडियमकर

@यंत्रतंत्र, १७७ मीटरच्या फुग्याने झोप उडाली. @जुनी_लेणी, दिशेचा विचार शप्पथ केला नव्हता. कडेने दगडी सज्जा आहे असं धरू प्रदक्षिणेला. पण फिरतं का? फिरत असणार ना?

साधा_माणूस

राग मानू नका पण देवळांचा असा खेळ करणं मला फारसं रुचलं नाही. देव हा फासे टाकून खेळायचा विषय आहे का?

आजीचीगोधडी

@साधा_माणूस दादा, त्यांच्या आजीने पार्किंगच्या खांबाला हळदकुंकू लावलंय, अजून काय श्रद्धा हवी. आणि जग त्यांचं बनवलेलं, देवही बनवलेले, कोणाची टिंगल तर नाही चाललीये.

मला मात्र तुम्हा सगळ्यांचं आश्चर्य वाटतं. इतके प्रतिसाद झाले, कोणी विचारलं नाही की वर निर्माल्याचं काय करतात? मी वीस वर्षं घरचा गणपती करते, मखर कसं केलं ते सगळे विचारतात, दहा दिवसांची फुलं-दूर्वा कुठे टाकली ते कोणी विचारत नाही. वर रोज हार येणार, दूध-दही-मध ओतणार, पत्री चढणार. ते सगळं गोमुखात अडकणार. आमच्या बिल्डिंगच्या गच्चीवर एक पिशवी पाइपच्या तोंडाशी अडकली तर टेरेसचा तलाव होतो. आणि नारळ? तीनशे मीटरवरून अर्धी वाटी खाली आली तर खाली कोणाचं डोकं शाबूत राहील का? खालच्या गावात सगळे टोपलं पालथं घालून फिरत असतील.

आणखी एक. पाणी वर चढवतं कोण? स्वैपाक कोण करतं? पुजारी म्हटलं की तुम्ही सगळे मंत्र म्हणणारा माणूस धरता. गुरव, फुलवाली, दिवट्या, भांडी घासणारी, या सगळ्यांना पाळण्यात बसवून रोज कप्पीने वर ओढायला लागेल, नाहीतर तिथेच राहायला लागेल.

शंकासूर

ताई, टोपल्याला हसून हसून पुरेवाट. गावाचं नाव हेल्मेटवाडी ठेवा.

यंत्रतंत्र

आजीचीगोधडी ताई, तुमच्या निर्माल्याने माझं काम सोपं केलं. रात्रीचे साडेबारा वाजलेत, बायको ओरडतेय, तरी लिहून टाकतो.

धागाकर्ते, तरंगण्याचं कारण देऊच नका. कारण द्यायला गेलात की माझ्यासारखा कोणीतरी गणित करणार. त्याऐवजी एक नियम द्या आणि तो कधी मोडू नका. नियम असा की वरदेवळाचा दगड खाली ओढला जात नाही, उलट थोडासा वरच जाऊ बघतो, समजा वीस टनांच्या जोराने, म्हणून त्याला दोरांनी खाली बांधून ठेवलंय. बास. आता यातून काय काय निघतं बघा.

एक, वजन गेलं तरी वस्तुमान जात नाही. २९०० टनांचा दगड तो दगडच. धक्क्याला लागणारं जहाज बघितलंय का, मुंगीच्या पावलाने येतं, पण मध्ये हात घातलात तर हात राहणार नाही. देऊळ सरकायला वेळ लागेल पण एकदा सरकायला लागलं की थांबवणं कठीण.

दोन, वीस टनांचा हिशोब. साठ किलोचा एक भाविक धरला तर तीनशे माणसं म्हणजे अठरा टन. म्हणजे जत्रेच्या दिवशी तीनशे माणसं वर चढली की दोर ढिले पडायला लागणार, त्यावर अजून चाळीसेक चढली तर देऊळ हळूहळू खाली यायला लागणार. मोजून सोडायला लागेल माणसं. वरती कोणीतरी तराजू घेऊन बसलेला असणार आणि त्याला लाच देणारेही असणार.

तीन, हा खरा. पाऊस. देवळाचं छप्पर आणि सज्जा मिळून चारशे चौरस मीटर धरा. शंभर मिमी पाऊस म्हणजे चाळीस घनमीटर पाणी, चाळीस टन. आपल्याकडे जुलैत शंभर मिमी म्हणजे बातमीसुद्धा होत नाही. २००५च्या २६ जुलैला सांताक्रूझला ९४४ मिमी पडला होता, तेवढा इथे पडला तर पावणेचारशे टनांच्या वर गेलं. गोमुख मोकळं असेल तर पाणी वाहून जातं, काही होत नाही. गोमुखात ताईंचं निर्माल्य अडकलं तर देऊळ खाली येतं. गावावर.

म्हणजे तुमच्या जगात सगळ्यात महत्त्वाचा माणूस कोण? पुजारी नाही, राजा नाही. गोमुख साफ करणारा.

आजीचीगोधडी

किंवा करणारी.

निवांत_नेरूळ

पॉपकॉर्न खाली ठेवलं. हे जबरी आहे. ठाण्यात-नवी मुंबईत राहणाऱ्याला हे सांगायची गरज नाही, नालेसफाई हीच आपली पुराणकथा.

मी सावलीबद्दल सांगतो. आमची मूळची भातशेती आणि मिठागराची जागा, नवी मुंबईसाठी गेली, त्यामुळे आमच्या घरात लहानपणापासून साडेबारा टक्के (गेलेल्या जमिनीच्या बदल्यात मिळायचा तो जमिनीचा वाटा) हा शब्द इतर घरांत रामरक्षा असते तसा असायचा. त्यामुळे कोणतीही मोठी वस्तू दिसली की मला आधी वाटतं खाली कोणाची जमीन आहे. तीनशे मीटरवर चाळीस मीटर रुंद देऊळ असेल तर सावली चांगली गडद पडते, कडेला दोनतीन मीटर पुसट, बास. आणि ती दिवसभर फिरते, सकाळी पश्चिमेच्या शेतावर, संध्याकाळी पूर्वेच्या. रोज थोडा वेळ एकेकाच्या डोक्यावर. पण दुपारच्या आसपास ती रेंगाळते आणि तिथे भात नीट पिकत नाही.

तर माझी सूचना, देवाची सावली जिथे पडते त्या जमिनीला सारा माफ. राजाने ठरवलंय. आता बघा मजा. ज्याच्या शेतावर सावली त्याचं पीक कमी पण सारा नाही, म्हणून हुशार लोक सावलीखाली शेती न करता गोदामं बांधणार. आणि सावली मोजायला सरकारी माणूस येणार. आपल्याकडे शून्य सावली दिवस असतो ना, मेच्या मध्यावर आणि परत जुलैच्या शेवटी, सूर्य बरोबर डोक्यावर, काठीची सावली पायाशी. त्या दिवशी देवळाची सावली बरोबर देवळाखाली. तो मोजणीचा दिवस करा. जुलैत ढग असतात म्हणून मेमध्येच मोजायचं. त्याच्या आदल्या रात्री दोर ओढून देऊळ आपल्या शेताकडे सरकवायचे प्रयत्न होणार म्हणजे होणारच.

शंकासूर

आदल्या रात्री सरकवायचे 😂 नेरूळकर, तुमचा अनुभव बोलतोय.

गावठी_गुगल

तीर्थ खाली पडताना वाटेत उडून जाणार नाही का? पावसाळ्यात नाणेघाटात धबधबा उलटा वर येतो, मी भिजलोय त्यात.

यंत्रतंत्र

बरोबर पकडलंत. तीनशे मीटरवरून धार धार राहत नाही, फुटून तुषार होतात. पावसाचा मोठ्यात मोठा थेंबसुद्धा सेकंदाला नऊएक मीटरच्या वर जात नाही, म्हणजे खाली यायला अर्धा मिनिट आणि तेवढ्यात वारा त्याला कुठेही नेणार. तीर्थ कोणाच्या वाट्याला आलं तेच कळणार नाही.

खाडीवाला

राम राम. मी इथे फार लिहत नाय, आमचं घरानं मासेमारीचं, ठाण्याच्या खाडीत होडी हाय, आता मी नोकरी करतो पण सुट्टीला जातो. तुम्ही सगळी शिकलेली मानसं, पण दोराचं कोणी नीट बोललं नाय म्हणून लिहतो.

पयली गोष्ट पाण्याची. पाणी वाऱ्यावर कशाला सोडता, दोरावरून उतरवा. पावसात होडी बांधून ठेवलेली असते तेव्हा पाणी दोराला धरून येतं आनि सरळ तुमच्या हातावर, बाहीत, काखेत. काथ्याचा जाड दोर घ्या, गोमुखाच्या खाली बांधा, पाणी बरंचसं दोर धरून खाली येईल. ज्या गावात त्या दोराचं टोक असेल त्या गावाला पाणी. बाकीच्यांना ठेंगा.

दुसरी दिशेची. ते लेणीवाले साहेब बोलले की देऊळ फिरेल काय. एका नांगरावर होडी टाकली तर ती वाऱ्याकडे नायतर पाण्याच्या ओढीकडे तोंड करते, दोर जिथे बांधला ती बाजू वाऱ्याकडे आनि बाकीची होडी मागे. भरतीला एक तोंड, ओहोटीला उलटं तोंड. तिला एकाच दिशेला ठेवायची तर दोन नांगर पायजेत, पुढे एक मागे एक, आनि उधाण असेल तर चार. म्हणजे देवळाला चार दोर, चार बाजूला चार गावं. एक तुटला तर चालंल, दुसरा तुटला तर बाकीच्यांवर ताण, तिसरा तुटला की देव वाऱ्याचा झाला.

तिसरी, दोर सडतो. ऊन, पाऊस, खारी हवा. काथ्या खाऱ्या पान्यात टिकतो पन कायमचा नाय. दर वर्षी नवीन वळायला लागंल. तीनशे मीटर दोर वळायला किती मानसं, किती दिवस, किती नारळाच्या सोडणाचा काथ्या, याचा हिशोब करा. फोडलेले नारळ त्याच्यासाठीच.

जुनी_लेणी

खाडीवाले दादा, दंडवत. नारळ फोडायचे आणि त्याच्याच सोडणाचा दोर वळून देव बांधायचा, हे मला शंभर ग्रंथ वाचून सुचलं नसतं. (आणि मला साहेब नका म्हणू, मी बाई आहे, शिक्षिका, निवृत्त.)

खाडीवाला

माफ करा बाई 🙏

पोडियमकर

मी दोन दिवस ऑफिसात काम केलेलं नाही, हा धागाच वाचतोय. शनिवारसाठी हे ठरवतोय, चुकत असेल तर सांगा.

सतरावं वरदेऊळ. चार दोर, चार गावं. दार पूर्वेला, गोमुख उत्तरेला. उत्तरेचा दोर गोमुखाखालीच बांधलेला, त्यामुळे तीर्थ उतरतं ते उत्तरगावाच्या कुंडात आणि त्यावर त्यांची उन्हाळी भाजी पिकते. बाकीची तीन गावं दर वर्षी दोर वळतात, ताण देतात, आणि त्यांना मिळतं काय तर दर्शन. मग एका दुष्काळी वर्षी दक्षिणेचं गाव म्हणालं आम्ही यंदा दोर वळणार नाही. पुढच्या वर्षी पश्चिमेचं. मग पूर्वेचं. कोणी दोर कापला नाही, कट नाही, खलनायक नाही, नुसता जुना झालेला बदलला नाही. आता देऊळ एकट्या उत्तरगावाच्या दोरावर आहे आणि उत्तरगाव खूश आहे कारण पाणी चालूच आहे. खेळाडू तिथे पोहोचतात तेव्हा पाऊस तोंडावर आलाय.

यंत्रतंत्र

खलनायक नाही हे आवडलं. एकट्या दोरावर वीस टन वरचा ओढा, त्यात वाऱ्याचा जोर वेगळा. पावसाळ्याआधी तुटणार.

आजीचीगोधडी

आणि गोमुख कोण साफ करतंय? चारही गावांची एकेक बाई पाळीने जायची असं करा. तीन गावांनी हात काढून घेतल्यावर उत्तरगावची एकटीच जातेय, म्हातारी झालीये, तिला पाळण्यात बसायची भीती वाटायला लागलीये आणि ते तिने कोणाला सांगितलेलं नाही.

निवांत_नेरूळ

ताई 🙏 अंगावर काटा.

सावली विसरू नका हां. एका दोरावर देऊळ फिरतंय म्हणजे सावलीही भलतीकडे जातेय. सारामाफी कोणाला?

जुनी_लेणी

एक अवांतर पण सांगायचं राहील म्हणून. सगळे वर वर बघताय, जमलं तर एकदा अंबरनाथला जाऊन या. शिवमंदिर, शके ९८२चा शिलालेख आहे, म्हणजे इ.स. १०६०, शिलाहारांच्या काळातलं. बाहेरून कोरीवकाम बघून मान दुखते आणि मग आत गेलात की गाभारा खाली, साधारण वीसेक पायऱ्या उतरून जायचं, आणि वर बघितलं तर शिखर नाही, उघडं आकाश. मी मुलांची सहल न्यायचे तेव्हा एकाने विचारलं होतं, बाई, देव खाली पडला का? तुमच्या एकवीसपैकी एक देऊळ असं पडलेलं असू दे. कोणे एके काळी हळूहळू खाली आलेलं, जमिनीत रुतलेलं, आणि आता तिथे लोक पायऱ्या उतरून जातात आणि त्यांना माहीतही नाही की हे मूळचं वरचं आहे.

पोडियमकर

बाई, हे घेतलं. अठरावं देऊळ, कोणाला सापडत नाही म्हणून वीसच मोजतात.

शंकासूर

चुकून गंभीर प्रतिसाद देतोय. खेळाडूंनी काय केलं ते रविवारी इथे लिहा. नाहीतर धागा अर्धवट सोडणाऱ्यांच्या यादीत नाव जाईल.

पोडियमकर

रविवार, दुपार, आत्ता उठलोय. लिहितो.

तर झालं असं की मला वाटलं होतं ही मंडळी वर चढतील, पुजाऱ्याला धरतील, मारामारी करतील. पण कळव्याच्या एकाने पात्रच दोर वळणाऱ्याचं घेतलं होतं (मी त्याला धाग्याची लिंक दिली ही माझी चूक) आणि तो आल्या आल्या दोराला हात लावून म्हणाला हा दोन आठवडे टिकेल. मग चौघांनी तीन तास नुसत्या बैठका घेतल्या. खऱ्या. पूर्वेच्या गावात, पश्चिमेच्या गावात, दक्षिणेच्या गावात. तलवार एकदाही बाहेर आली नाही. दक्षिणेचं गाव म्हणालं आम्हालाही पाणी द्या तर दोर वळतो. वाशीकर म्हणाला मग चारी बाजूंना गोमुखं काढू.

जुनी_लेणी

अरे देवा. चार गोमुखं?

पोडियमकर

बाई, पुजारीही अगदी असंच म्हणाला, मी तुमच्याच आवाजात म्हटलं. शेवटी तोडगा असा निघाला की गोमुख एकच राहील, पण उत्तरगावच्या कुंडातून तिन्ही गावांना पाट काढायचा आणि त्या बदल्यात तीन दोर परत लागतील. उत्तरगाव तयार नव्हतं. ते तयार झालं म्हातारीमुळे, तिने भर सभेत सांगितलं की गेले दोन महिने मी वर गेलेलीच नाही, गोमुख कोणी बघितलेलं नाही. सगळे एकदम गप्प. माझे मित्रसुद्धा. वर किती पाणी साठलंय कोणालाच माहीत नव्हतं.

तेवढ्यात ठरलं की रात्रीच वर जायचं. निराळमधली रात्र, मध्यरात्र उलटून गेलेली. खेळातल्या चौघांना पाळण्यात बसवलं, वर ओढायला सुरुवात केली, आणि आजी पाणी प्यायला उठली. ती आत्ता इथेच आलीये. टेबलावरचा नकाशा, मध्ये काडेपेटी म्हणजे देऊळ, तिला सुतळीचा एक तुकडा. तिने विचारलं काय आहे, आम्ही सांगितलं. तर म्हणाली, मग आत्ता देवाचं तोंड कुठे?

कोणालाच सांगता येईना. एकच दोर, देऊळ फिरतंय, ते चौघं वर पोहोचल्यावर समोर दार येणार का भिंत, ते मी ठरवलंच नव्हतं. शेवटी आठ बाजूंचा फासा घेतला, अष्टदिशांना एकेक आकडा दिला आणि टाकला. पश्चिम आली. आजीला काही ते पटलं नाही, तोंड असं फाशाने ठरतं का म्हणाली आणि झोपायला गेली. सव्वा वाजला होता, तिथेच थांबलो.

खाडीवाला

आजी बरोबर हाय. फासा कशाला, वारा इचारा.

तुमच्या जगात खाडी हाय म्हणता, दर्या पश्चिमेला धरतो. रात्रीचा वारा जमिनीवरून दर्यावर जातो, मतलई वारा, म्हणजे उगवतीकडून. दोर बांधलाय गोमुखाच्या बाजूला, ती बाजू वाऱ्याकडे वळनार, म्हणजे गोमुख पूर्वेला. गोमुख उत्तरेचं पूर्वेला गेलं तर पूर्वेचं दार गेलं दक्षिणेला. दुपारी खारा वारा सुटला की गोमुख पश्चिमेला आनि दार उत्तरेला. दिवसातून दोनदा देव तोंड फिरवतो. मध्यरात्री गेले असतील तर तोंड दक्षिणेला. पश्चिम येनारच नाय.

यंत्रतंत्र

काडेपेटी आणि सुतळी घेऊन टेबल फॅनपुढे करून बघितलं. बरोबर आहे. दक्षिण.

पोडियमकर

आजीला आत्ता वाचून दाखवलं. तिने नुसती मान हलवली आणि म्हणाली, दक्षिणमुखी म्हणजे मारुती असणार, तेल घेऊन जा म्हणावं त्यांना.

आता पाळणा अर्ध्यावर आहे, चौघांच्या सामानात दोर, कंदील, कुऱ्हाड आणि चणे आहेत. तेल कोणाकडेच नाही.